बोरपाणीचे डास, हिवरदऱ्याचे डास

आमच्या घरात डीडीटीचा वास हा बाबांचा वास होता. इतर मुलींच्या वडिलांना विडीचा, घामाचा, नाहीतर नागपूरच्या इतवारी बाजारातल्या मिरचीच्या पोत्यांचा वास येत असेल. आमच्या बाबांना त्या पांढऱ्या पावडरीचा यायचा आणि मला तो आवडायचा. आठवडाभर खेड्यांत फिरून शनिवारी संध्याकाळी ते एसटीतून उतरून घरी येत. माय त्यांना दारातच थांबवी, खाकी कपडे काठीनं उचलून वेगळ्या बादलीत टाकी आणि मगच आत घेई. तोवर मी त्यांच्या पिशवीला बिलगलेली असायचे. आता लोक सांगतात की ती पावडर किती विषारी, मातीत किती वर्षं मुरून राहते. मी मान हलवते. मला सगळं माहीत आहे, मी आयुष्यभर शाळेत जीवशास्त्र शिकवलं आहे. तरी एखाद्या जुन्या गोदामात तो वास आला की मला भूक लागते, कारण शनिवारी माय पाटवड्यांचा रस्सा करायची.

त्या रश्श्यातल्या मिरचीचं आधी सांगायला हवं. आमच्या दोन खोल्यांच्या मागे जमिनीची एक अरुंद पट्टी होती. भिंतीपलीकडे भांड्यांच्या गल्लीतली ठोकाठोक दिवसभर चालू आणि अलीकडे मायची मिरचीची रोपं. बी तिच्या माहेरचं, भिवापूरकडचं. दर उन्हाळ्यात ती वाळलेल्या मिरच्या एकेक मोडून जिभेला लावून पाही. जिनं डोळ्यांत टचकन पाणी येईल तिचं बी चिंधीत बांधून डब्यामागे खोचून ठेवी आणि बाकीच्या खलबत्त्यात घाली. मी कॉलेजात जाईपर्यंत त्या मिरच्या इतक्या जहाल झाल्या होत्या की पाहुणा पहिल्या घासालाच उठून मोरीकडे धावायचा. बाबा नाक पुसत हसायचे आणि आणखी रस्सा वाढून घ्यायचे. "सवय पायजे, बाप्पा. सवय झाली का काहीच लागत नाही," असं त्यांचं ठरलेलं वाक्य होतं. ते तेव्हा कुणालाच चुकीचं वाटलं नाही, मलाही नाही.

बाबा मलेरिया खात्यात फवारणीच्या टोळीचे सुपरवायझर होते. हाताखाली पाच-सहा गडी, दोन-तीन पंप, पावडरीचे ड्रम आणि कळमेश्वरपासून नरखेडच्या बाजूला पसरलेली खेडी. माय-बाबांनी धम्माची दीक्षा घेतली तेव्हा मी मायच्या पोटात होते आणि बाबांना नोकरी लागली ती त्यानंतर लगेच. त्यांच्या मनात या दोन्ही गोष्टी एकमेकींत मिसळून गेल्या होत्या. जुनं सगळं घराबाहेर काढायचं, एकही कोपरा अंधारा ठेवायचा नाही. फवारणीतही त्यांचा तोच बाणा होता. घरातली खाट हलवायची, कणगी सरकवायची, आढ्यापासून खालपर्यंत भिंत एकसारखी ओली झाली पाहिजे. डास रक्त पिऊन जड झाला की भिंतीवर टेकतो, आणि त्या भिंतीवर टेकला की तो मेला पाहिजे. काम झालं की दारावर गेरूनं तारीख लिहायची. सुट्टीत मी त्यांच्याबरोबर जायचे आणि पंपाच्या त्या फुस्स-फुस्स आवाजात मला वाटायचं, आपल्या बाबांसारखं महत्त्वाचं काम जगात कुणी करत नसेल.

त्यांचं सगळ्यात आवडतं गाव बोरपाणी. तिथे बहुतेक आपलेच लोक. कौसाबाई नावाची एक विधवा बाई गावाच्या तोंडाशीच राहायची. ती बाबांना भाऊ म्हणायची आणि टोळी दिसली की आधी चुलीवर चहा ठेवायची, मग स्वतः स्वयंपाकघरातली भांडी अंगणात काढायची. बोरपाणीत अशी एक भिंत नव्हती की जिच्यावर बाबांची पावडर बसली नाही. आणि त्यांच्या जिवाला लागलेलं गाव हिवरदरा, तिथून दोन कोसांवर. हिवरदऱ्यात बाबांना कुणी ओट्याच्या पुढे येऊ देत नसे. "पावडरीनं खटमल वाढतात," असं तोंडानं सांगत. खरं कारण सगळ्यांनाच ठाऊक होतं. पण सरकारी माणसाला सरळ नाही म्हणता येत नाही, म्हणून त्या गावानं एक युक्ती काढली होती. घरातली बाई आतून खिडकी उघडायची आणि बाबांनी बाहेर उभं राहून पंपाची नळी तेवढी खिडकीतून आत घालायची. समोरच्या एका भिंतीवर थोडं उडायचं, उरलेल्या तीन भिंती कोरड्या. गोठ्याला तर हातच लावू देत नसत, दुधाला वास लागतो म्हणून. मी ते एकदाच पाहिलं. बाबा कुणाच्याही खिडकीत हात घालून उभे, मान वळवलेली, आतलं काही दिसू नये म्हणून.

मी बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला होते आणि आम्हाला खानझोडे सर उत्क्रांती शिकवत. सर म्हणजे सज्जन माणूस, पण बोलताना फळ्याकडे बघून बोलायचे. "जिराफानं मान ताणली म्हणून त्याच्या पोराची मान लांब होत नाही," ते सांगत. "काहींच्या माना मुळातच जरा लांब होत्या. ते जगले, त्यांना पोरं झाली. बाकीचे मेले. एकटा प्राणी बदलत नाही, कळप बदलतो." मी ते उतरवून घेतलं, पाठही केलं, पण मला ते कळलं नाही. एकही जिराफ बदलला नसेल तर कळप कसा बदलला? मी उभं राहून विचारलंसुद्धा. सरांनी फळा पुसला आणि म्हणाले, "अगं, परीक्षेत एवढंच लिही." मला वाटतं त्या दिवशी त्यांनाही पुढचं सांगता आलं नसावं. मी त्यांना दोष देत नाही. पुढे तो धडा वर्षानुवर्षं शिकवताना त्याच ठिकाणी माझीही जीभ अडखळायची आणि मीही फळ्याकडे वळायचे.

त्या वर्षी पोळ्याच्या सुमारास बोरपाणीत ताप आला. हुडहुडी भरून येणारा, तिसऱ्या दिवशी परत येणारा, बाबांनी गावातून हाकलून लावला होता तोच. घरोघरी माणसं गोधड्या पांघरून पडली. कौसाबाईची नात, पाच-सहा वर्षांची, तापात बडबडायला लागली. लोक चिडले, आणि चिडलेले लोक कुणाचं तरी नाव शोधतातच. कपाशीवर मारायला डीडीटी बाजारात चोरून विकलं जायचं हे सगळ्यांना माहीत होतं. गावकऱ्यांनी हिशोब केला: मलेरियावाल्यानं खरी पावडर विकली आणि आमच्या भिंतींवर चुना मारला. ते सगळे मिळून नागपूरला जिल्ह्याच्या साहेबांकडे गेले, आणि सगळ्यांच्या पुढे होती कौसाबाई. साहेबांनी बाबांना बोलावून घेतलं आणि चौकशी संपेपर्यंत फवारणीवर जायचं नाही असं सांगितलं. चोरी ठरली तर नोकरी जाणार होती. पण बाबांचा चेहरा काळा पडला तो नोकरीमुळे नव्हे. "कौसाबाई बोलली वं," ते मायला म्हणाले. "माह्या तोंडावर बोलली, भाऊ, तुम्ही आमाले चुना लावला."

मग घरात एक विचित्र काळ सुरू झाला. बाबा पांढरं धोतर नेसून दिवसभर घरी, अंगाला कसलाच वास नाही, आणि पलीकडे भांडी ठोकण्याचा आवाज अचानक मोठा झालेला. आठवड्याभरात त्यांना राहवलं नाही. कुणाला न सांगता ते बोरपाणीला जाऊन आले आणि आले ते पार गोंधळून. आधी त्यांना वाटलं, दोष पोताऱ्याचा. सणाच्या आधी बाया भिंतींना माती-शेणाचा हात देतात, त्याला आमच्याकडे पोतारा म्हणतात. फवारलेल्या भिंतीवर पोतारा फिरला की पावडर त्याच्याखाली गाडली जाते, आणि डासाला काय, नवी कोरी भिंत. बाबा दर वर्षी बायांना हात जोडून सांगत की काही महिने थांबा, आणि बाया दर वर्षी म्हणत, सणाला भिंती तशाच ठेवायच्या का? "पण मंग म्या वर पाहिलं," बाबा माझ्याकडे वळून सांगायला लागले. "आढ्यावर कोणी पोतारत नाही. तिथे माही पावडर तशीच होती, पांढरी. आणि तिच्यावर डास बसून होते, कुंदे. आरामात. जसे काही ओट्यावर बसून राहिले."

"मंग?" माय म्हणाली.

"मंग काय. सवय झाली त्याले. आपल्याले मिरचीची झाली तशी."

मी म्हटलं, बाबा, असं होत नसतं. सवय लागायला डास जगायला हवा ना, आणि जगला तरी त्याची सवय पोरांना कशी मिळणार? "मंग कशानं होते?" त्यांनी विचारलं. मी सरांचं वाक्य म्हणून दाखवलं: एकटा प्राणी बदलत नाही, कळप बदलतो. बाबांनी माझ्याकडे असं पाहिलं की मला त्यांनी भरलेली कॉलेजची फी परत करावीशी वाटली. "मले काही समजून नाही राहिलं," ते म्हणाले. खरं म्हणजे आमच्या घरात तेव्हा तीन वेगवेगळी कारणं नांदत होती. गाव म्हणत होतं पावडर खोटी. माय म्हणत होती दोष पोताऱ्याचा. बाबा म्हणत होते डास सरावले. ती तिन्ही एकमेकांत इतकी गुंतली होती की एक ओढायला जावं तर तिन्ही हातात यायची.

ती सोडवायची रीत सरांना ठाऊक होती. त्या दिवशी मात्र ते फळ्याकडे न बघता माझ्याकडे बघून बोलले. खात्याच्या प्रयोगशाळेत एक कागद मिळतो, ते म्हणाले, ठरलेल्या मापाचं डीडीटी लावलेला. काचेच्या नळीत तो कागद गुंडाळून बसवायचा, गावातले डास आणून तासभर त्यात सोडायचे, मग साध्या नळीत काढून दुसऱ्या दिवशी बघायचं, मेले की जगले. जोडीला आणखी काही डास बिनऔषधाच्या कागदावर ठेवायचे, म्हणजे हाताळण्यानंच मेले असं कुणी म्हणू नये. मी ऐकतच राहिले. त्या नळीत ना गावाचा ड्रम होता, ना कौसाबाईची भिंत, ना माझे बाबा. फक्त डास आणि औषध. सर स्वतः साहेबांना जाऊन भेटले. साहेब पुण्याकडचे, नेमक्या बोलण्याचे. "करा," ते म्हणाले. "पण माझा माणूस शेजारी बसेल."

बोरपाणीला मी सरांबरोबर गेले. पहाटे गोठ्यात शिरायचं, बॅटरीचा उजेड भिंतीवर टाकायचा. साधा डास भिंतीला समांतर बसतो, मलेरियाचा डास मागचा भाग वर उचलून तिरपा. काचेच्या नळीला रबरी नळी लावलेली असते, रबराचं टोक तोंडात धरायचं आणि डासावर नळी नेऊन हलकेच श्वास ओढायचा. मध्ये जाळीचा तुकडा असतो, तरी पहिल्यांदा मला वाटलं, गिळलाच. कौसाबाई दूर उभी राहून पाहत होती. तिनं चहा विचारला नाही, आणि मीही तिच्याकडे पाहिलं नाही. पकडलेले डास जाळीच्या डब्यात घालून, वर ओला पंचा टाकून एसटीनं नागपूरला आणले. सगळ्या प्रवासभर कंडक्टर डब्यात काय आहे ते विचारत होता आणि सर त्याला मासे सांगत होते.

प्रयोगशाळेबाहेरच्या बाकावर बाबा सकाळपासून येऊन बसले होते. तासाभरात नळीतले बरेच डास पाठीवर पडून पाय झाडायला लागले, आणि ते मी बाहेर जाऊन सांगितलं तेव्हा बाबांचा चेहरा पडला. मला आजही ते आठवून हसावं की रडावं कळत नाही. ज्या माणसानं जन्मभर डास मारले तो त्या बाकावर बसून डास जगावेत म्हणून मनातल्या मनात विनवण्या करत होता. डास मेले तर औषध चांगलं, आणि औषध चांगलं तर चोर बाबा. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही नळी उजेडाला धरली. पडलेले डास उठले होते. थोडेसे मेले होते, बाकीचे साखरपाण्याच्या बोळ्यावर चढून बसले होते. बाबांनी नळीला हात लावला नाही, नुसतं वाकून पाहिलं. "उठले बाप्पा," एवढंच म्हणाले.

साहेबांनी मात्र मान हलवली. "तुमचा कागदच जुना असेल," ते म्हणाले. "औषध उडून गेलेला. या कागदानं कुठलातरी डास मरतो हे दाखवा, मग मी मानेन." ते चिडून बोलले नव्हते, आणि म्हणणं बरोबर होतं. बरोबर होतं म्हणूनच मला त्यांचा जास्त राग आला. आता असा डास आणायचा कुठून, ज्याची डीडीटीशी फारशी गाठच पडली नाही? सरांनी नकाशा पुढे घेतला. बाबांनी नकाशाकडे पाहिलंसुद्धा नाही. खिडकीबाहेर बघत ते म्हणाले, "हिवरदरा."

हिवरदऱ्याला बाबा आले नाहीत. मी आणि सर गेलो. गावाच्या कडेला एक मोठा गोठा होता आणि ओट्यावर एक म्हातारी तुरी निवडत बसली होती. सरांनी आपलं आडनाव सांगितलं तशी तिनं त्यांना पाट दिला. मग माझ्याकडे पाहून म्हणाली, "आन तू कोणाची वं, माय?" मी सांगितलं. खोटं बोलायचं माझ्या मनात आलं नाही असं नाही, पण बाबांचा तो खिडकीतला हात आठवला आणि नाव तोंडातून मोठ्यानं बाहेर आलं. म्हातारी जरा थांबली. "मलेरियावाल्याची पोट्टी हायेस का," ती म्हणाली. "डास पायजे ना तुले? जा, गोठ्यात जा. घरात काही जाऊ नको हां." आवाजात राग नव्हता. सुपातले खडे बाजूला काढावेत इतक्या सहज ती बोलली, आणि पुन्हा तुरी निवडायला लागली. मी गोठ्यात गेले. माझ्या गालांना चटका बसत होता आणि भिंतीवर डासच डास होते, तिरपे, स्वस्थ, कुणी कधी न छेडलेले. मी इतक्या रागानं श्वास ओढत होते की सर म्हणाले, "हळू, मरतील ते."

ते मेले, पण नळीत. त्याच गठ्ठ्यातला कागद, तितकाच वेळ, आणि दुसऱ्या दिवशी हिवरदऱ्याचे डास जवळजवळ सगळे तळाशी पडलेले, साध्या कागदावरचे त्यांचे भाऊबंद मात्र धडधाकट. साहेबांनी दोन्ही नळ्या शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या. मग उठून बाकावर बसलेल्या बाबांकडे स्वतः गेले आणि म्हणाले, "तुमचं औषध खरं होतं. डास तिथले वेगळे झालेत. कामावर या." ज्या गावानं बाबांना दारातून आत घेतलं नाही त्या गावाच्या डासांनी त्यांना वाचवलं. मी त्या दिवशी फार खूश होते. बाबाही असतील असं मी धरून चालले.

त्या संध्याकाळी शनिवार नसूनही माय पाटवड्यांचा रस्सा करत होती. बाबा चुलीजवळ पाटावर बसले होते. "कुंदे," ते म्हणाले, "मले एक सांग. दोन कोसांवरची गावं. एका गावचे मेले, एका गावचे नाही मेले. काहून?"

मी सांगायला लागले, आणि सांगता सांगता मलाच पहिल्यांदा दिसायला लागलं. बोरपाणीत आधी हजारांत एखादाच डास असा असेल, जन्मतःच, ज्याला ही पावडर मारू शकत नाही. तुम्ही फवारलंत, बाकीचे मेले. तो उरला. मग पोरंबाळं झाली ती त्याचीच. पुढच्या वर्षी परत तसंच. हिवरदऱ्यात तीन भिंती आणि गोठा कोरडा, तिथे साधेही जगत राहिले, आणि तो एखादा त्यांच्या गर्दीत हरवून गेला. कोणी सरावलं नाही, बाबा. फक्त...

"मायबाई!" माय मध्येच ओरडली. तिनं रस्सा चाखला होता आणि तिच्याच डोळ्यांतून पाणी वाहत होतं. "ह्या वर्षीची मिरची तर जाळून टाकते. कोणालेच खाता नाही येणार हे. म्याच करून ठेवलं, बाप्पा. दर साली तिखट तिखट पाहून बी ठेवत गेली, आता कोणाले बोल लावू?"

तिच्या मनात डास नव्हते. ती फक्त रश्श्याबद्दल बोलत होती आणि त्यात ताक घालावं का याचा विचार करत होती. पण बाबा पातेल्यावर वाकले. मग अगदी हळू म्हणाले, "म्हंजे बी म्याच ठेवलं." मी म्हटलं, तसं नाही बाबा, तुम्हाला काय ठाऊक होतं. "तसंच आहे ना," ते म्हणाले. "जिथे म्या एक कोपरा नाही सोडला तिथेच हे झालं. चोरी केली असती, खरंच चुना मारला असता, तर बोरपाणीचे डास आज मेले असते. होय का नाही?" हिशोबानं ते बरोबर होतं. पण त्या वर्षांत तापानं न मेलेली बोरपाणीची सगळी पोरं त्या हिशोबात कुठे मांडायची, ते मला कळत नव्हतं. मला अजूनही कळलेलं नाही.

नवं औषध आलं, कुबट वासाचं. फवारणी बोरपाणीपासून सुरू करायची होती आणि बाबा मला म्हणाले, "चाल माह्यासंगं." कौसाबाईनं या वेळी भांडी आधीच अंगणात काढून ठेवली होती. चहा घेऊन ती पुढे आली आणि कप हातात देताना म्हणाली, "भाऊ, म्या बोलली ते मनात नका ठेवू. पोट्टी मरून राहिली होती माही." बाबांनी कप घेतला. "कशी हाये आता?" त्यांनी विचारलं. पोरगी आतच होती, मागच्या भिंतीशी खाटेवर, पुन्हा ताप चढलेला, दात वाजत असलेले. बाबांनी गड्यांना बाहेर थांबवलं आणि पंपाची नळी स्वतः घेतली. एक भिंत झाली, दुसरी झाली, तिसरी झाली. मागच्या भिंतीपुढे येऊन ते थांबले.

"हे ठेवली कोरडी," ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "तर साधे डास राहतील ना थोडे? हिवरदऱ्यासारखे? औषध जास्त दिवस चालन?"

पुढे अळी मारणाऱ्या बीटी कपाशीच्या बियाण्याच्या पाकिटाबरोबर साध्या बियाण्याची एक छोटी पिशवी देऊ लागले, कडेच्या ओळींत पेरा म्हणून, म्हणजे साध्या अळ्या जगाव्यात आणि सगळ्याच अळ्या पक्क्या होऊ नयेत. ती पिशवी बघितली की मला बाबा त्या भिंतीपुढे उभे दिसतात. शेतकरी ती पिशवी फेकून देतात आणि शहरातली माणसं त्यांना अडाणी म्हणतात. मी कधी म्हटलं नाही. स्वतःच्या शेताची कड अळीला खायला देणं सोपं नसतं, आणि इथे तर कडेला कपाशी नव्हती.

"सांग वं," बाबा म्हणाले. "तू शिकली ना हे. ठेवू का मारू?"

मला सगळं येत होतं. पहिल्या वर्गात पास होणार होते मी. मी भिंतीकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं. बाबांनी थोडी वाट पाहिली. मग नळी खाली ठेवली, पोरीला गोधडीसकट उचलून अंगणात कौसाबाईच्या मांडीवर दिलं, खाट ओढून बाजूला केली आणि बाहेरच्या गड्याला पंप मारायला सांगितला. फुस्स-फुस्स सुरू झालं. त्यांनी ती भिंत आढ्यापासून खालपर्यंत एकसारखी ओली केली, दारामागचा कोपराही सोडला नाही. बाहेर येऊन गेरूनं तारीख लिहिली आणि हात पुसत मला विचारलं, "मी रिटायर होईपर्यंत तरी पुरन का हे औषध?"

मी म्हटलं, हो बाबा, पुरेल.

पुरलं नाही.